देऊळ मोडले, तीर्थ उरले

प्राचीन अवशेष पाहण्याची हौस आणि गार पाण्यात डुंबण्याची हौस, या दोन्ही एकाच दिवसात भागविणाऱ्या सहली मेक्सिको देशातील युकातान प्रांतात नित्य निघतात. वाटाड्या सकाळी प्रवाशांना चिचेन इत्सा येथील माया लोकांच्या भग्न नगरात नेतो. कुकुल्कान देवाच्या पायऱ्यापायऱ्यांच्या मंदिरासमोर उभे करून चारी बाजूंच्या एक्याण्णव-एक्याण्णव पायऱ्या आणि माथ्यावरची एक मिळून वर्षाच्या दिवसांइतक्या ३६५ कशा होतात, हे मोजून दाखवितो. ऊन चढले की तो मंडळीस जवळच्या एखाद्या नैसर्गिक कुंडावर नेऊन पोहायला सोडतो. त्या कुंडांना तिकडे 'सेनोते' म्हणतात.

उत्तर युकातान हा चुनखडीचा सपाट प्रदेश आहे. त्यात भूपृष्ठावरून वाहणारी नदी नाही. पावसाचे पाणी खडकात मुरते, आतून भुयारे कोरते, आणि कालांतराने एखाद्या भुयाराचे छत कोसळले की खोल विवर उघडे पडून तळाचे निर्मळ पाणी दिसू लागते. माया लोकांनी आपली गावे व देवालये अशा कुंडांच्या आश्रयाने वसविली. चिचेन इत्सा या नावाचा अर्थच मुळी 'इत्सा लोकांच्या विहिरीच्या मुखाशी' असा आहे. तेथल्या पवित्र कुंडात ते लोक देवाला सोने, हिरवे जेड आणि धूप अर्पण करीत, आणि मनुष्यबळीही देत. १९०४ पासून पुढे एडवर्ड टॉम्प्सन या अमेरिकन गृहस्थाने तळाचा गाळ उपसला, तेव्हा हे सारे वर आले. त्यातील बराच ऐवज हार्वर्डच्या पीबडी संग्रहालयात गेला व काही भाग पुढे मेक्सिकोला परत मिळाला.

नरबळीचा भाग सोडला, तर देऊळ आणि पाणी यांच्या या सोयरिकीचे आमच्या वाचकांस नवल वाटू नये. तळीवाचून देऊळ ही कल्पना आपल्याकडे अपुरी समजली जाते. कोंकणीत तळी, झर, बांय असे जे पाण्याचे निरनिराळे शब्द आहेत, त्यांतील एखादा तरी आपापल्या कुलदेवतेच्या आवाराशी जोडलेला प्रत्येकास आठवेल. आमचा आजचा विषय मात्र या सोयरिकीच्या पुढचा आहे. देऊळ मोडले गेले आणि पाणी उरले, अशा ठिकाणी त्या देवळाची साक्ष कोण देतो, हा तो विषय होय.

असे ठिकाण पाहण्यासाठी युकातानला जावे लागत नाही. आम्ही नगरहवेलीतील किलवणीचे. वापीहून कोकण रेल्वेच्या मार्गाने करमळीस उतरावे, जुन्या गोव्यातील व्हाइसरॉयच्या कमानीखालून धक्क्यावर जावे आणि फेरीबोटीने मांडवी ओलांडून दिवाडी बेटावर पाऊल ठेवावे. तेथून दिवाडी, नार्वे आणि हरवळे ही तीन स्थळे एका दिवसात निवांत पाहून होतात. तिन्ही ठिकाणी शिवाचे स्थान आहे वा होते, आणि तिन्ही ठिकाणी पाणी आहे. पहिल्या ठिकाणचे देऊळ मोडले, दुसऱ्या ठिकाणी ते पुन्हा उभे राहिले, आणि तिसऱ्या ठिकाणी मोडणारे हात पोहोचले ते मोडण्याचा काळ सरल्यानंतर. एका दिवसाच्या वाटेवर इतिहासाचे तीन निरनिराळे निकाल असे ओळीने मांडलेले क्वचितच सापडतात.

दिवाडी म्हणजे पुराणातील दीपवती. बेटाच्या ईशान्य टोकास नारवे नावाचा वाडा आहे, आणि तेथे श्रीसप्तकोटीश्वराचे मूळ देवालय होते. सप्तकोटीश्वर हे गोव्याच्या कदंब राजांचे आराध्य दैवत. सप्तकोटीश्वराच्या वरप्रसादाने लाभलेले राज्य, अशा आशयाची बिरुदे त्या राजांच्या लेखांतून आणि नाण्यांवरून मिरवतात. चौदाव्या शतकात बहामनी आक्रमणात हे देवालय एकदा उद्ध्वस्त झाले होते. विजयनगरच्या माधव मंत्र्याने गोवा जिंकल्यावर त्याच शतकाच्या अखेरीस येथे लिंगाची पुन्हा प्रतिष्ठा केली. म्हणजे पोर्तुगीज येण्यापूर्वीच या देवाने एक विनाश आणि एक जीर्णोद्धार पाहिला होता. न्यायबुद्धीने इतिहास सांगावयाचा तर ही पहिली नोंदही गाळता येत नाही.

१५१० मध्ये आफोंसो द आल्बुकेर्कने तिसवाडी घेतली. पहिली तीस वर्षे देवळांना फारसा धक्का लागला नाही. १५४० च्या सुमारास धोरण पालटले आणि बेटांवरील देवळे पाडली गेली. त्यांत सप्तकोटीश्वरही गेले. त्या जागी आज काँदेलारिया सायबिणीचे कपेल आहे. वाटाड्या म्हणून आम्हास बेटावरचेच एक वयस्कर ख्रिस्ती गृहस्थ लाभले होते. त्यांनी आम्हास कपेलापूर्वी तळीवर नेले. कोटितीर्थ या नावाने ती ओळखली जाते. जांभ्या दगडाच्या पायऱ्या आणि त्यांच्या कडेने देवकोष्ठांचे कोनाडे अद्याप ओळखू येतात. कोनाड्यांत देव नाहीत. पायऱ्यांच्या तळाशी पाणी मात्र आहे. आमचे वाटाडे या देवळाविषयी कोंकणीत बोलताना 'आमचें' हाच शब्द योजीत होते, हे आम्ही मुद्दाम नोंदवितो. बेटाच्या मध्यभागी पिएदाद येथेही तोच प्रकार आहे. तेथील गणपती पुढे स्थलांतर करीत अखेर खांडोळ्यास स्थिरावला, आणि कदंबकालीन कारागिरीच्या खुणा दफनभूमीतील कपेलात राहून गेल्या.

आता साक्षीचा प्रश्न घेऊ. या देवळांना जमिनी होत्या, त्या अमुक गावात होत्या, अमुक देवाच्या नावे होत्या, हे आज आपण कशाच्या आधारे सांगतो? आपल्या पूर्वजांच्या वह्यांच्या आधारे खचित नाही. देवळे पाडल्यावर १५४१ च्या जून महिन्यात तिसवाडीच्या गांवकारांना एकत्र बोलावण्यात आले आणि देवळांच्या जमिनींचे उत्पन्न ख्रिस्ती धर्मकार्याकडे लावण्यास त्यांची संमती लिहून घेण्यात आली. देऊळ आधीच जमीनदोस्त झालेले, समोर राजसत्ता बसलेली, आणि अशा वेळी घेतलेली संमती! कोणताही कायद्याचा विद्यार्थी तिला काय म्हणेल ते सांगावयास नको. परंतु त्याच कागदाची दुसरी बाजूही वकिलाच्या नजरेतून सुटत नाही. उत्पन्न लावून घेण्याचा करार म्हणजे ते उत्पन्न कोणाचे होते याची कबुली होय. घेणाऱ्याने आपल्या हक्काचा लेख केला, आणि त्या लेखातच मूळ धन्याचे नाव राहून गेले.

पुढे १५९५ मध्ये फ्रांसिस्कु पाइश या अधिकाऱ्याने गोवा बेट, साष्टी आणि बारदेश येथील जमिनींचा 'तोंब' म्हणजे नोंदग्रंथ तयार केला. तो भक्तिभावाने केलेला नव्हता. सरकारी वसुली बिनचूक व्हावी, एवढाच त्याचा हेतू. पण वसुलीसाठी जमिनीची पूर्वपीठिका हवी, आणि पूर्वपीठिका लिहिताना ती जमीन कोणत्या देवाची होती हे लिहिणे भाग पडले. गोव्याच्या पुराभिलेखागाराचे प्रमुख आणि मराठ्यांच्या इतिहासाचे थोर संशोधक पांडुरंग पिसुर्लेकर यांनी हा तोंब १९५२ मध्ये टिपणांसह प्रसिद्ध केला. अशा जुन्या नोंदींवरून गावोगावच्या नाहीशा झालेल्या देवळांची आणि देवतांची यादी रुई गोमिश पेरैरा या ख्रिस्ती गोमंतकीयाने सिद्ध केली. त्यांचा ग्रंथ १९७८ मध्ये निघाला. कुशस्थळीचा मंगेश प्रियोळास गेला, केळोशीची शांतादुर्गा कवळ्यास, वेर्ण्याची म्हाळसा म्हार्दोळास. या मोठ्या देवस्थानांची परंपरा कुळाव्यांच्या तोंडी जिवंत राहिली. पण ज्या लहान देवतांना पालखीत घालून नदीपार नेणारा कोणी भेटला नाही, त्यांचे नाव आज केवळ जप्तीच्या कागदात सापडते.

येथे युकातानकडे पुन्हा वळावेसे वाटते, कारण तेथेही याच पिढीत हेच घडले. १५६२ च्या जुलैत मानी या गावी दिएगो द लांदा या फ्रान्सिस्कन धर्मगुरूने माया लोकांच्या मूर्ती आणि त्यांचे चित्रलिपीतील ग्रंथ होळीत घातले. इसामाल येथे माया देवालयाच्याच प्रचंड चौथऱ्यावर मठ बांधला गेला. माया लोकांच्या सगळ्या ग्रंथसंपदेतून आज चारच पोथ्या शिल्लक आहेत. ड्रेस्डेन, माद्रिद आणि पॅरिस या शहरांच्या नावांनी तीन ओळखल्या जातात, आणि चौथी मेक्सिकोत आहे. लांदावर स्पेनमध्ये चौकशी झाली. त्या काळात, म्हणजे १५६६ च्या सुमारास, त्याने युकातानच्या लोकांचे आचार, पंचांग, देव आणि लिपी यांचा तपशीलवार वृत्तांत लिहिला. पुढे तो निर्दोष सुटून त्याच प्रांताचा बिशप झाला. त्या वृत्तांताची प्रत १८६२ मध्ये माद्रिदमध्ये सापडली आणि १८६४ मध्ये छापली गेली. त्यात लांदाने माया अक्षरांची एक सदोष वर्णमाला दिलेली होती. तिचाच धागा धरून युरी क्नोरोझोव या रशियन पंडिताने १९५२ मध्ये माया लिपीच्या उकलीची वाट दाखविली. ज्याने ग्रंथ जाळले त्याच्याच ग्रंथामुळे जळितातून वाचलेले वाचता आले! पिसुर्लेकरांचा तोंब आणि क्नोरोझोवची उकल एकाच वर्षी प्रसिद्ध झाली, हा निव्वळ योगायोग. पण दोन्ही घटनांचा अर्थ एकच आहे. जिंकलेल्यांनी लिहिलेले नष्ट झाले वा लिहिलेच गेले नव्हते, आणि जिंकणाऱ्यांनी आपल्या सोयीसाठी लिहिलेले टिकले.

यावर कोणी म्हणेल, मग बरेच झाले की, निदान ते तरी टिकले. खरे आहे. परंतु शत्रुपक्षाचा साक्षीदार कितीही सच्चा असला, तरी तो त्याला हवे तेवढेच बोलतो. तोंबात जमिनीचे क्षेत्र आहे, उत्पन्न आहे, देवाचे नाव आहे. त्या देवाची जत्रा कोणत्या तिथीला होई, पहिला मान कोणाचा, देवळाच्या पायऱ्यांवर कोणत्या बायका दिवे लावीत, तळीचा गाळ कोणी व कधी उपसावयाचा, हे त्यात असण्याचे कारण नाही. करवसुलीस त्याचा उपयोग नव्हता. म्हणून देवळाचा सातबारा राहिला आणि देवळाचे जीवित गेले.

दिवाडीच्या नारव्याहून फेरीबोटीने पलीकडे उतरले की डिचोली महालातील नार्वे गाव लागते. इकडचे नारवे आणि तिकडचे नार्वे यांमध्ये नदीची एक पट्टी. पण सोळाव्या शतकात तीच दोन राज्यांची शीव होती. मोडलेल्या देवालयातील लिंग भाविकांनी रातोरात पलीकडे नेले, अशी परंपरा आहे. पैलू पाडलेले ते धारालिंग नार्व्याच्या गाभाऱ्यात आज पूजेत आहे. गोकुळाष्टमीला येथील पंचगंगेवर स्नानाची जत्रा भरते. पाणी दोन्ही काठांचे एकच असल्यामुळे, देऊळ पलीकडे गेले तरी तीर्थ तुटले नाही असे म्हणता येते. जवळच गुजीर येथे जुन्या जैन बस्तीचे अवशेषही आहेत, तेही चोखंदळ प्रवाशाने चुकवू नयेत.

नार्व्याच्या देवळाचे सर्वांत मोलाचे धन म्हणजे दारावरचा शिलालेख होय. शके १५९०, कीलक संवत्सर, कार्तिक वद्य पंचमी, सोमवार या दिवशी शिवाजीराजांनी श्रीसप्तकोटीश्वराच्या देवालयास प्रारंभ केला, एवढाच त्याचा मजकूर. इसवी सनाप्रमाणे तो १६६८ चा नोव्हेंबर होतो. लेखात बिरुदावली नाही, शत्रूची निंदा नाही. शक, संवत्सर, मास, तिथी, वार, कर्त्याचे नाव आणि केलेले काम, इतकेच. न्यायालयात दाखल करावयाचा दस्तऐवज असाच असावा लागतो. १५४१ च्या संमतिपत्रानंतर १२७ वर्षांनी आपल्या बाजूने, आपल्या लिपीत आणि आपल्या हातांनी लिहिलेली ही नोंद आहे. तिच्यामुळेच या देवळाचा कर्ता आणि काळ यांविषयी कोणासही वाद घालता येत नाही. गोवा शासनाच्या पुरातत्त्व खात्याने या देवालयाचे जतनकार्य केले आणि ११ फेब्रुवारी २०२३ रोजी ते भाविकांसाठी पुन्हा खुले झाले.

नार्व्याहून साखळीच्या रस्त्याने हरवळे गाठावे. येथे जांभ्या खडकात कोरलेली लेणी आहेत. ती सहाव्या-सातव्या शतकाच्या सुमाराची मानली जातात. लोक त्यांना पांडवांची लेणी म्हणतात. आतील दालनांत लिंगे आहेत. लेण्यांपासून थोड्याच अंतरावर धबधबा कोसळतो आणि त्याच्या पायथ्याशी नैसर्गिक डोह झालेला आहे. समोर श्रीरुद्रेश्वराचे देवालय. अस्थिविसर्जन व उत्तरक्रिया यांसाठी दूरदूरचे लोक येथे येतात. युकातानच्या सहलीत जो शेवटचा टप्पा पोहण्याचा, तो आपल्याकडे हा असा आहे. सुखाने पाण्यात उतरणारा प्रवासी आणि पितरांना निरोप देणारा यजमान एकाच काठावर भेटतात. पोहणाऱ्याने एवढे भान ठेवले म्हणजे झाले. पावसाळ्यात मात्र ओढ जबर असते. तेव्हा काठावरूनच नमस्कार करावा हे बरे.

हरवळ्याची लेणी आणि रुद्रेश्वर सुरक्षित कसे राहिले? तिसवाडी, साष्टी आणि बारदेश या जुन्या काबिजादी सोळाव्या शतकातल्या. साष्टीत तर १५६७ साली राशोलच्या किल्लेदाराच्या हुकमतीखाली सुमारे २८० देवळे नष्ट झाल्याची नोंद जेझुइटांनीच करून ठेवली आहे. डिचोली आणि साखळी हे महाल पोर्तुगीजांकडे कायमचे गेले ते १७८१-८२ मध्ये. तोवर काळ बदलला होता. जेझुइटांची हकालपट्टी १७५९ मध्येच झाली होती. इन्क्विझिशन १७७४ मध्ये एकदा बंद पडून १७७८ मध्ये पुन्हा सुरू झाले खरे, पण त्याचा पूर्वीचा दरारा राहिला नव्हता, आणि १८१२ मध्ये ते कायमचे संपले. नव्या काबिजादीत लोकांच्या धर्मास व चालीरीतींस हात लावावयाचा नाही, असे धोरण राज्यकर्त्यांना पत्करावे लागले. ध्वज तोच, पण दोनशे चाळीस वर्षांनी आलेला. देवळे टिकणे न टिकणे कित्येकदा राज्यकर्त्याच्या जातीपेक्षा त्याच्या काळावर अवलंबून असते, हे दिवाडी आणि हरवळे या दोन टोकांमध्ये उभे राहिले की ध्यानात येते.

आणि येथेच आमच्या किलवणीचा संबंध येतो. हरवळे ज्या सुमारास पोर्तुगीजांकडे गेले, त्याच सुमारास नगरहवेलीही गेली. पेशवे आणि पोर्तुगीज यांच्यात १७७९ मध्ये झालेल्या तहान्वये वार्षिक १२,००० रुपये उत्पन्नाचा मुलूख त्यांना द्यावयाचे ठरले. त्याप्रमाणे १७८३ मध्ये नगरहवेली आणि १७८५ मध्ये दादरा त्यांच्या ताब्यात गेले. साकरतोंड नदीच्या काठी बिंद्राबीन येथे ताडकेश्वर महादेव आहे. दिवाडीच्या महादेवाला जे भोगावे लागले ते त्याच्या वाट्यास आले नाही, याचे एक कारण हा उशीर होय. परंतु आम्हास सांगावयाचे आहे ते निराळेच. दिवाडीच्या बाबतीत लेखणी एकाच पक्षाच्या हाती होती. नगरहवेलीच्या बाबतीत ती दोन्ही पक्षांच्या हाती होती, आणि त्याचा परिणाम पावणेदोनशे वर्षांनी जगाने पाहिला.

१९५४ च्या जुलै-ऑगस्टमध्ये दादरा व नगरहवेली मुक्त झाल्यावर पोर्तुगालने हेग येथील आंतरराष्ट्रीय न्यायालयात भारताविरुद्ध फिर्याद लावली. दमणहून या मुलखात येण्याजाण्याचा आपला हक्क भारताने डावलला, असे तिचे म्हणणे. १२ एप्रिल १९६० रोजी निकाल लागला. पेशव्यांनी पोर्तुगीजांना सार्वभौमत्व दिले होते काय, हा त्यातील एक कळीचा मुद्दा. न्यायालयाने तहाच्या सतराव्या कलमाचे शब्द, १७८३ आणि १७८५ च्या दोन सनदा आणि त्यांच्या अनुषंगाचे कागद तपासले. मराठ्यांना जेव्हा राज्यच तोडून द्यावयाचे असे, तेव्हा ते त्यासाठी निराळे आणि पुरेसे शब्द वापरीत. येथे तसे शब्द नाहीत. दिले ते केवळ जहागीर वा सरंजाम म्हणून उत्पन्न, असा निष्कर्ष न्यायालयाने काढला. पुढे ब्रिटिश अमदानीत पोर्तुगालचे सार्वभौमत्व मानले गेले, हेही न्यायालयाने सांगितले. खाजगी व्यक्ती, मुलकी अधिकारी आणि सामान्य माल यांना ये-जा करण्याचा हक्क त्याने मान्य केला; फौज, सशस्त्र पोलीस आणि शस्त्रास्त्रे यांना तो नाकारला; आणि भारताने आपले कर्तव्य मोडलेले नाही, असा निर्णय दिला.

'सरंजाम' हा पुण्याच्या फडात नित्य वापरला जाणारा शब्द. तो कागदावर उतरविणाऱ्या कारकुनास हेग हे नाव ठाऊक असण्याचा संभव नव्हता. त्याने आपले काम चोख केले, नेमका शब्द नेमक्या जागी लिहिला, आणि कागद दप्तरात राहिले. दिवाडीच्या गांवकारांपाशी १५४१ मध्ये असा एखादा आपला कागद असता, तर देऊळ वाचले असते असे आम्ही म्हणत नाही. तोफेपुढे कागद चालत नाही. परंतु देवळाची कहाणी त्या देवळाच्या माणसांच्या शब्दांत आज आपल्या हाती असती.

२०२२ च्या अर्थसंकल्पात गोवा शासनाने पोर्तुगीज काळात मोडलेल्या देवळांच्या पुनर्बांधणीसाठी २० कोटी रुपयांची तरतूद केली, तेव्हापासून या विषयावर पुष्कळ बोलले गेले आहे. भावना आम्ही समजू शकतो. परंतु जेथे आज दुसऱ्या कोणाची प्रार्थना चालते, तेथे १९९१ चा प्रार्थनास्थळांचा कायदा लागू आहे आणि १५ ऑगस्ट १९४७ चे स्वरूप राखावयाचे, हा त्याचा दंडक आहे. शिवाय त्या कपेलात गुडघे टेकणारे लोक बहुतांशी त्याच जुन्या गांवकारांचे वंशज आहेत. बांधकामाच्या आधी नोंदीचे काम आहे, असे आमचे नम्र मत आहे. कोटितीर्थाच्या कोनाड्यांचे मोजमाप, तळीच्या पाण्याची निगा, दोन्ही काठांवरच्या वृद्धांच्या तोंडच्या आठवणी, यांस कोणाचा विरोध नाही आणि न्यायालयाच्या परवानगीची गरजही नाही.

हे काम दिवाडीपुरतेच नाही. आपल्या देवस्थानांस १९३३ च्या नियमावलीने महाजनांच्या आणि मालमत्तेच्या नोंदींची शिस्त लावून दिली, हे खरे. पण त्या दप्तरातही मालमत्तेपलीकडचे किती येते? उत्सवाचा क्रम, सेवेकऱ्यांची घराणी, आरत्या म्हणण्याची रीत, तळीचे झरे कोठून येतात, कोणत्या वर्षी ती आटली आणि कोणी उपसली, हे कोणी लिहून ठेवले आहे? मोडीतल्या वह्या कपाटात वाळवी खाते आहे, आणि मोडी वाचणारे हात थोडे उरले आहेत. तळ्यांची गतही तीच. देवळावर नवा सोन्याचा कळस चढविण्यास देणगी लगेच मिळते. तळीचा गाळ काढण्यास वर्गणी मागावी लागते.

आमच्या नगरहवेलीत तर याहून नाजूक अवस्था आहे. वारली आणि कोकणा लोकांच्या वाघदेवाला, हिरव्याला बहुधा भिंती नसतात. एखादे झाड, एखादा कोरीव खांब, ओढ्याकाठचा एखादा दगड हेच त्यांचे देऊळ. दमणगंगेवर मधुबन धरण झाले तेव्हा पाण्याखाली शेते गेली, त्यांचे क्षेत्र भूसंपादनाच्या कागदांत लिहिले गेले. शेताच्या बांधावरचा देव कोणाच्या नोंदीत जातो? येथे कोणी कोणाच्या धर्मावर चालून आले नव्हते. पाणी तर सर्वांच्याच उपयोगाचे आहे. तरीही चारशे वर्षांपूर्वीचा तोंब आणि आजचा संपादनाचा तक्ता यांत एक साम्य आम्हास अस्वस्थ करते. दोन्हींत जमीन आहे, आणि जमिनीवरचे माणसाचे मन नाही. ते लिहावयाचे तर त्या पाड्यांवरच्या भगतांना आणि म्हाताऱ्यांना विचारूनच लिहावे लागेल, आणि ते असेपर्यंतच.

म्हणून आमच्या वाचकांस, आणि विशेषेकरून देवस्थानांच्या महाजनांस, आमची एक विनंती आहे. यंदाच्या जत्रेस जाल तेव्हा एक कोरी वही बरोबर न्यावी. नार्व्याच्या शिलालेखाचा कित्ता पुढे ठेवावा: शक, मास, तिथी, काम, करणाऱ्याचे नाव. त्यात अलंकार नकोत, अभिमान नको, कोणावर आरोप नको. देवळाच्या सर्वांत वयस्कर सेवेकऱ्यापाशी तासभर बसून तो सांगेल ते त्याच्याच शब्दांत, मराठीत वा कोंकणीत, लिहून घ्यावे. एक प्रत देवस्थानात ठेवावी आणि दुसरी एखाद्या ग्रंथालयात द्यावी. तळीवर उतरून पाण्याची खोली मोजावी आणि तीही लिहावी. पुढच्या पिढीस आपल्या देवाची ओळख दुसऱ्याच्या जप्तीपत्रावरून करून घेण्याची पाळी येऊ नये, यासाठी एवढे पुष्कळ आहे.